लिबुशे आणि आपल्या लेकींची नावे

माननीय संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या रविवारच्या पुरवणीत नवजात मुलींसाठी निवडक परदेशी नावांची यादी प्रसिद्ध झाली होती. तिच्यात ‘लिबुशे’ या झेक नावापुढे ‘प्रिय’ एवढा एकच शब्द छापलेला होता. अर्थ बरोबर आहे. परंतु नऊशे वर्षांपूर्वीच्या एका बखरीत नोंदले गेलेले आणि आजही तिकडच्या दिनदर्शिकेत स्वतःचा दिवस राखून असलेले हे नाव एका शब्दात आटोपण्यासारखे नाही. नागपुरातील शाळेत मी अनेक वर्षे मराठी आणि इतिहास शिकवला. मुलींची नावे कुठून येतात, ती कोण जपते आणि लग्नानंतर त्यांचे काय होते, हा विषय माझ्या मनात सतत असतो. म्हणून या नावाची हकीकत जरा विस्ताराने मांडण्याची आणि तिच्या अनुषंगाने आपल्याला एक विनंती करण्याची परवानगी असावी.

झेक लोकांची पहिली मोठी बखर कॉस्मस या प्रागच्या धर्माधिकाऱ्याने लॅटिन भाषेत लिहिली. त्याने ती सन १११९ च्या सुमारास हाती घेतली आणि ११२५ मध्ये मृत्यू येईपर्यंत तो ती लिहीत होता. या बखरीत हे नाव ‘लुबोस्सा’ अशा रूपात येते. ‘आवडणे’, ‘प्रेम करणे’ असा अर्थ असलेले ‘ल्युब’ हे जुने स्लाव मूळ त्यात आहे, आणि पुढे झेक उच्चारात झालेल्या बदलामुळे त्याचे ‘लिब’ झाले. संस्कृतातला ‘लुभ्’ हा धातू याच कुळातला आहे. त्यामुळे पत्राच्या शेवटी ‘लोभ असावा’ असे लिहिणाऱ्या मराठी माणसाला हे नाव वाटते तितके दूरचे नाही.

कॉस्मसने दिलेली कथा अशी. क्रोक नावाच्या न्यायी प्रमुखाला तीन मुली होत्या. थोरली काझी वनौषधी आणि रोगचिकित्सा जाणत होती, मधली तेता देवदेवतांच्या उपासनेची जाणकार होती, आणि धाकट्या लिबुशेला पुढचे दिसत असे. वयाने धाकटी असली तरी तिची सूज्ञता पाहून लोकांनी वडिलांच्या मागे तिलाच न्यायनिवाड्याच्या आसनावर बसवले. एके दिवशी शेताच्या बांधावरून भांडणारे दोन मातब्बर शेजारी तिच्यापुढे आले. विदर्भातल्या कोणत्याही तहसील कचेरीत आजही दिसेल असाच हा वाद होता. तिने दोघांचे ऐकून घेतले आणि निवाडा दिला. ज्याच्या विरुद्ध निकाल गेला त्याने हातातली काठी जमिनीवर आपटली आणि बायकांचे केस लांब असले तरी अक्कल आखूडच असते, अशा शब्दांत भर सभेत तिचा पाणउतारा केला. बाईकडून न्याय घेणारे जगात आपणच, तेव्हा आपल्याला पुरुष राजा हवा, अशी मागणी मग सर्वांनीच उचलून धरली.

मला या कथेत सर्वांत मोलाचा वाटतो तो तिने यानंतर दिलेला इशारा. राजा नेमणे सोपे असते, पण नेमलेल्याला खाली उतरवणे कठीण. तो तुमच्या मुलामुलींना आपल्या चाकरीला लावील आणि तुमच्या गुराढोरांतले उत्तम ते स्वतःसाठी घेईल, असे तिने लोकांना स्पष्ट सांगितले. लोक मागणीवर अडून राहिले, तेव्हा ती रुसून बसली नाही. माझा घोडा जिकडे नेईल तिकडे जा, असे सांगून तिने दूत धाडले. घोड्यामागून चालत ते बिलिना नदीकाठच्या स्तादित्से गावी पोहोचले, तेव्हा तिथे प्शेमिस्ल नावाचा शेतकरी दोन बैलांचे औत धरून शेत नांगरत होता. निरोप ऐकल्यावर त्याने बैल मोकळे केले आणि हातातली हेझलच्या लाकडाची पराणी जमिनीत रोवली. तिला तत्क्षणी पाना-फळांसह तीन फांद्या फुटल्या, आणि तो दूतांबरोबर पिशवीतली शिळी भाकर व चीज खायला बसला असताना त्यांतल्या दोन वाळून गळाल्या व तिसरी उंच वाढली. आपल्या वंशात जन्मतील पुष्कळ, पण राज्य एकच करील, असा अर्थ त्याने सांगितला. निघताना त्याने आपले झाडाच्या सालीचे ओबडधोबड जोडे बरोबर घेतले. हे कशाला, असे दूतांनी विचारले, तेव्हा आपण कुठून आलो ते पुढच्यांना कळावे आणि त्यांनी आपल्याहून लहान माणसांवर जुलूम करू नये म्हणून, असे त्याचे उत्तर होते. हे जोडे आपल्या काळातही व्हिशेह्रादच्या गडावर जपलेले आहेत, असे कॉस्मस लिहितो. चौदाव्या शतकात सम्राट चौथ्या चार्ल्सने बोहेमियाच्या, म्हणजे झेक राज्याच्या, राज्याभिषेकाचा विधी ठरवला, त्यात अभिषेकाच्या आदल्या संध्याकाळी राजाने व्हिशेह्रादला जाऊन त्या नांगरधाऱ्या पूर्वजाचे जोडे आणि झोळी पाहावी, असा नियमच घातला होता. ज्या नागपुरात तान्ह्या पोळ्याला लहान मुले लाकडी बैल घेऊन दारोदार जातात, तिथल्या वाचकाला या विधीचे महत्त्व वेगळे सांगायला नको.

लिबुशे आणि प्शेमिस्ल यांचे लग्न झाले. पुढे तिने एका कीर्तिमान नगरीचे भाकीत केले, आणि जिथे एक माणूस घराचा उंबरठा घडवत बसलेला आढळला त्या जागी प्राग वसले. झेक भाषेत उंबरठ्याला ‘प्राह’ आणि या शहराला ‘प्राहा’ म्हणतात, त्यावरून ही कथा जुळवली गेली असावी. प्शेमिस्लच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या राजवंशाने त्यानंतर १३०६ पर्यंत, म्हणजे तिसऱ्या वेंचेस्लासची ओलोमौत्स येथे हत्या होईपर्यंत, राज्य केले.

आता इतिहासाचे काय, असा प्रश्न जाणकार वाचक विचारतील आणि तो विचारायलाच हवा. लिबुशे ही दंतकथेतली व्यक्ती आहे. त्या राजवंशातला इतिहासाला निश्चितपणे ठाऊक असलेला पहिला पुरुष नवव्या शतकातला बोर्झिवोय, आणि त्याची पत्नी लुडमिला ही मात्र खरीखुरी ऐतिहासिक स्त्री आहे. नातू वेंचेस्लास याला तिने वाढवले, ९२१ मध्ये तेतीन येथे सुनेच्या माणसांनी तिचा गळा आवळून खून केला, आणि चर्चने पुढे तिला संतपद दिले. लुडमिला हे नावही झेक मुलींना आजवर दिले जाते. पण आश्चर्य असे की, पुराव्याने सिद्ध असलेल्या संत आजीच्या जोडीने पुरावा नसलेली ही द्रष्टी राणीही लोकांनी तितक्याच आपुलकीने सांभाळली.

सांभाळताना थोडा अतिरेकही झाला. झेक भाषा आणि अस्मिता पुन्हा उभी करण्याच्या चळवळीत, १८१८ मध्ये एक हस्तलिखित पुढे आले. त्यात ‘लिबुशेचा न्याय’ हे काव्य होते आणि ते अतिप्राचीन असल्याचा दावा केला गेला. कित्येक दशके देशभक्तांनी त्याला डोक्यावर घेतले. भाषाशास्त्रज्ञ यान गेबाउएर आणि प्राध्यापक टोमाश मासारिक यांनी १८८६ मध्ये ते बनावट असल्याची जाहीर मांडणी केली, तेव्हा त्यांच्यावर देशद्रोहाचे आरोप झाले. खोट्या कागदावर राष्ट्राचा मान उभा राहत नाही, ही मासारिक यांची भूमिका होती. १९१८ मध्ये चेकोस्लोव्हाकिया स्वतंत्र झाला, तेव्हा हेच मासारिक त्याचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले. बनावट काव्य बाजूला पडले आणि लिबुशेचे नाव राहिले, याचे कारण ते नाव त्या काव्याच्या आधारावर कधी उभेच नव्हते. आपल्याकडे ऐतिहासिक स्त्रियांविषयी भलत्या हकिकती बेधडक पसरवल्या जातात तेव्हा मला या प्रकरणाची आठवण होते. प्रेमापोटीसुद्धा खोटे जोडू नये, त्याने त्या स्त्रीचेच नुकसान होते.

नाव घरोघरी पोहोचवण्याचे मोठे काम संगीताने केले. बेदर्झिख स्मेताना यांनी १८७१-७२ मध्ये ‘लिबुशे’ ही संगीतिका रचली आणि राष्ट्राच्या मोठ्या प्रसंगासाठी ती राखून ठेवली. लोकवर्गणीतून उभारलेल्या प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहाचे दार ११ जून १८८१ रोजी याच संगीतिकेने उघडले. दोन महिन्यांत ते नाट्यगृह आगीत भस्मसात झाले. लोकांनी ४७ दिवसांत दहा लाख गुल्डन पुन्हा जमवले, आणि १८ नोव्हेंबर १८८३ रोजी नव्या रंगमंचावर पुन्हा ‘लिबुशे’च झाली. स्मेताना तोवर पूर्ण बहिरे झालेले होते. या संगीतिकेच्या आरंभीचा तुतारीनाद आजही झेक राष्ट्राध्यक्षांच्या औपचारिक आगमनाच्या वेळी वाजवला जातो. बाईच्या हाताखाली राहण्याची लाज वाटून जिला बाजूला सारले, तिच्याच नावाच्या सुरावटीने त्या देशाच्या प्रमुखाचे स्वागत होते, हे मला फार बोलके वाटते.

याच काळात मुलींना लिबुशे, व्लास्ता, शार्का अशी जुन्या कथांतली नावे देण्याची रीत रुजली. त्याआधी बहुतेक मुली संतांच्या नावाने आना, मारिये, कातेर्झिना अशा हाका मारल्या जात. बोझेना नेम्त्सोवा या थोर लेखिकेचे मूळ नाव बार्बोरा; देशी नाव हवे म्हणून तिने ‘बोझेना’ हे नाव धारण केले. नाव बदलणे वाईटच असते असे माझे म्हणणे नाही. ते कोण बदलते आणि कोणाच्या इच्छेने, हा माझा मुद्दा आहे.

झेक लोकांची जी प्रथा मला सर्वांत जवळची वाटते ती नामदिनाची. त्यांच्या दिनदर्शिकेत बहुतेक प्रत्येक तारखेपुढे एक नाव असते, आणि त्या नावाच्या सर्व माणसांचा तो सण समजला जातो. मुळात हे दिवस संतांचे. २८ सप्टेंबर हा वेंचेस्लासचा, १६ सप्टेंबर लुडमिलाचा, २६ जुलै आनाचा. ४ डिसेंबर हा बार्बोराचा दिवस. त्या दिवशी चेरीची डहाळी तोडून घरात पाण्यात ठेवतात, आणि ती नाताळपर्यंत फुलली तर घरातल्या मुलीचे लग्न येत्या वर्षात होणार, असे मानतात. पण १० जुलै हा दिवस लिबुशेचा आहे. ख्रिस्ती होण्याआधीच्या काळातली, देवराईत भाकीत करणारी एक स्त्री संतांच्या दिनदर्शिकेत येऊन बसली आणि कोणी तिला उठवले नाही. त्या दिवशी सकाळी आकाशवाणीवर तिच्या नावाचा उल्लेख होतो, वर्तमानपत्रात तारखेशेजारी ते छापले जाते, फुलवाल्यांना आज कोणाचा दिवस आहे ते ठाऊक असते. कार्यालयातले सहकारी फुले, चॉकलेट किंवा वाइनची बाटली देतात. फुले विषम संख्येत द्यायची, कारण सम संख्येची फुले अंत्यविधीसाठी असतात. वाढदिवस ज्याचा त्याने सांगितल्याशिवाय कळत नाही. नामदिन मात्र सर्वांना माहीत असतो, आणि म्हणून एकट्या राहणाऱ्या वृद्ध लिबुशेलाही शेजारीण दार वाजवून शुभेच्छा देऊ शकते. घरात तिला लिबुश्का किंवा लिबा म्हणतात.

हे नाव आता तिकडेही आजीच्या पिढीचे झाले आहे. १९७३ च्या ‘सिंड्रेलासाठी तीन हेझलनट’ या परीकथेच्या चित्रपटाची नायिका लिबुशे शाफ्रान्कोवा २०२१ मध्ये निवर्तली; हा चित्रपट तिथे दर नाताळला दाखवतात, त्यामुळे नव्या पिढीच्या कानावर हे नाव पडत राहते. नवी बाळे क्वचितच या नावाची असली तरी नाव पुसले जाण्याची भीती नाही, कारण त्याचा दिवस पक्का आहे.

तिकडचे सारेच आदर्श आहे, असे मला सुचवायचे नाही. झेक स्त्रीच्या आडनावाला ‘ओवा’ हा प्रत्यय लावण्याची सक्ती तिथे दीर्घकाळ होती आणि त्यातून सूट मिळण्यासाठी अटी होत्या. १ जानेवारी २०२२ पासून स्त्रीला स्वतःच्या इच्छेने तो प्रत्यय टाळता येतो. परंतु आडनाव बदलले तरी लिबुशे ही लिबुशेच राहते. शिवाय मासारिक यांनी १८७८ मध्ये शार्लोट गॅरिग या अमेरिकन तरुणीशी लग्न केले, तेव्हा तिचे आडनाव आपल्या नावात घेतले, आणि इतिहासात ते टोमाश गॅरिग मासारिक म्हणूनच ओळखले जातात.

आता आपल्याकडे पाहावे. बारशाला आत्या बाळाच्या कानात ‘कुर्रर्र’ करून नाव सांगते. ते नाव आईबापांनी कौतुकाने शोधलेले असते, आजीच्या किंवा कुलदेवतेच्या आठवणीने ठेवलेले असते. वीस-पंचवीस वर्षांनी लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने दुसरे नाव लिहिले जाते आणि पहिले नाव तिथे संपते. पुढे ती अमक्याची आई, तमक्याची सून. तिने उखाण्यात पतीचे नाव घ्यायचे, तिचे कोणी घ्यायचे नाही. लग्नानंतर पत्नीने नाव बदलावे असे भारतातला कोणताही कायदा सांगत नाही, तरी नागपुरातल्या सुशिक्षित घरांतही ही रीत अजून दिसते. गुणपत्रिकेवर एक नाव, आधारवर दुसरे, सातबाऱ्यावर तिसरेच, अशा अवस्थेत माझ्या कित्येक विद्यार्थिनी प्रतिज्ञापत्रे आणि राजपत्रातील नोंदी यांसाठी खेटे घालताना मी पाहिल्या आहेत. हौसेने, परस्परांच्या संमतीने कोणी नवे नाव घेत असेल तर आक्षेप नाही. पण मुलीला विचारलेच जात नाही, हे मला मनापासून चुकीचे वाटते.

आणि ही रीत अनादी आहे, असेही कोणी सांगू नये. नागपूरपासून थोड्याच अंतरावर, रामटेकजवळच्या नगरधनला वाकाटकांची राजधानी नंदिवर्धन होती. पती दुसऱ्या रुद्रसेनाच्या मृत्यूनंतर, चौथ्या शतकाच्या अखेरीस आणि पाचव्याच्या आरंभी, अल्पवयीन मुलांच्या वतीने तिथून राज्य चालवणाऱ्या राणीचे नाव प्रभावतीगुप्ता. पुण्याचा म्हणून ओळखला जाणारा तिचा ताम्रपट नंदिवर्धनहूनच दिलेला आहे. त्यात आणि रिद्धपूरच्या ताम्रपटात तिने माहेरच्या गुप्तांची वंशावळ दिली आणि माहेरचे ‘धारण’ हेच गोत्र लावले. सोळाशे वर्षांपूर्वी विदर्भाच्या राणीने सासरी राज्य करत माहेरचे नाव टिकवले, हे तांब्यावर कोरलेले आहे. त्याला दंतकथेची गरज नाही. लोपामुद्रा, दमयंती, इंदुमती, रुक्मिणी या सर्व आपल्या वाङ्मयाने विदर्भकन्या म्हणून गौरवलेल्या आहेत. चंद्रपूरच्या गोंड राणी हिराईने पती बीरशाहाची समाधी बांधली, ती आजही उभी आहे. नागपूरच्या राणी रतनकुंवर यांनी संकटात रघूजी भोसल्यांना मदतीला बोलावले आणि या शहराचा इतिहास बदलला. भोसल्यांच्या घरातल्या बाकाबाईंनी पुढे दीर्घकाळ राजकारण सांभाळले. यांतली किती नावे आपल्या मुलांना ठाऊक आहेत? मी वर्गात विचारत असे, आणि रुक्मिणीच्या पुढे बहुधा हात वर होत नसत.

शासनाने १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी आईचे व मग वडिलांचे नाव लावण्याचा निर्णय घेतला, ही आनंदाची गोष्ट आहे. मुलाच्या नावात येणारे ते आईचे नाव बारशाचे असावे, तांदळातले नसावे, एवढे पुढचे पाऊल घरोघरी उचलायचे आहे.

यात आपल्या दैनिकाला करता येण्यासारखे एक काम आहे, आणि त्यासाठीच हे पत्र लिहिले. आपण रोज पहिल्या पानावर तारीख, तिथी, सूर्योदय आणि सूर्यास्त देता. त्याच चौकटीत दररोज एका स्त्रीनावाला दोन ओळी द्याव्यात. विदर्भातल्या पोथ्या, शिलालेख, गोंडी आणि वऱ्हाडी परंपरा, जात्यावरच्या ओव्या यांतली नावे घ्यावीत. भागीरथी, सगुणा, रखमा, अनसूया, चंद्रभागा ही एकेकाळी वाड्यावाड्यांतून ऐकू येणारी आणि आता विरळ झालेली नावेही त्यात असावीत. नावाचे मूळ, ते कोणी धारण केले, आणि ज्या स्त्रीशी ते जोडलेले आहे ती कागदोपत्री सिद्ध आहे की कथेतली, हे प्रत्येक वेळी स्पष्ट लिहावे. चौकटीतला मजकूर लहान असला तरी तपासूनच जावा. त्या कामाला नागपूर आणि अमरावतीच्या विद्यापीठांतले इतिहास व मराठीचे अध्यापक आणि माझ्यासारखे निवृत्त शिक्षक आनंदाने हातभार लावतील, याची मला खात्री वाटते. पहिले नाव प्रभावतीचे घ्यावे, असे सुचवते. तिच्या ताम्रपटांतील मजकुराचे मराठी टिपण माझ्याकडे तयार आहे. आपण कळवल्यास ते कार्यालयात आणून देईन.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका
धरमपेठ, नागपूर